लॉगच्या समीकरणात आडवी रेघ कुठे आहे?

बारावीतल्या एका मुलीची वही माझ्यासमोर उघडी आहे. प्रश्न एका ओळीचा: लॉग ८ भागिले लॉग २ किती? तिने लिहिलंय, लॉग ८ − लॉग २ = लॉग ४. अक्षर सुंदर, समासाची रेघ पट्टीने मारलेली, उत्तराला चौकट. पण उत्तर चुकलंय. खरं उत्तर ३ आहे. तिने जो नियम वापरला तो तिला तोंडपाठ होता: भागाकाराचा लॉग म्हणजे लॉगांची वजाबाकी. नियम शंभर टक्के खरा आहे. पण तो कंसाच्या आतल्या भागाकाराबद्दल बोलतो, आणि तिच्यासमोरचा भागाकार कंसाच्या बाहेर होता.

अकरावी-बारावीला गणित शिकवताना ही चूक मी शेकडो वह्यांत पाहिली आहे. हुशार मुलांच्या वह्यांतसुद्धा. त्यातून माझं एक मत पक्कं झालंय: लॉग आणि अपूर्णांक एकत्र आले की मुलं अडखळतात ती लॉगमुळे नाही, अपूर्णांकामुळेही नाही. अपूर्णांकाची आडवी रेघ नेमकी कुठे आहे हे न पाहता ती हात चालवायला लागतात, म्हणून अडखळतात. ती रेघ कंसाच्या आत आहे, लॉगच्या पुढे सहगुणकात आहे, की तिच्या खाली अख्खा लॉगच बसलाय? एवढं पाहिलं की पहिली पायरी कोणती हे आपोआप ठरतं.

खुणा आधी ठरवून घेऊ. या लेखात लॉग म्हणजे नैसर्गिक लॉगॅरिदम, ज्याचा पाया ई आहे. बऱ्याच पुस्तकांत आणि कॅल्क्युलेटरवर त्यासाठी एल आणि एन ही दोन अक्षरं असतात. कॅल्क्युलेटरवर ज्या बटणावर पूर्ण लॉग असं लिहिलेलं असतं, ते बहुतेक वेळा पाया १० चं असतं, तेव्हा बटण बघून दाबा. पडद्यावर आडवी रेघ नीट काढता येत नाही, म्हणून तिच्या जागी / ही खूण. घातासाठी ^, म्हणजे ई^२ हा ई चा वर्ग. आणि शोधायच्या संख्येला आपला जुना क्ष.

आता ई कुठून आला? व्याजातून. सतराव्या शतकात याकोब बर्नुली या स्विस गणितज्ञाने चक्रवाढीचा हा प्रश्न हाताळला. १ रुपया दरसाल दरशेकडा १०० दराने ठेवला, तर वर्षाअखेरीस २ रुपये होतात. व्याज दर सहा महिन्यांनी मुद्दलात मिळवलं तर २.२५. दर महिन्याला मिळवलं तर साधारण २.६१३. रोज मिळवलं तर २.७१५ च्या आसपास. तासाला मिळवा, सेकंदाला मिळवा, आकडा वाढतो, पण २.७१८२८ च्या पुढे सरकत नाही. ती मर्यादा म्हणजे ई. हे अक्षर पुढे ऑयलरने रूढ केलं.

लॉग हा खरं तर एक प्रश्न आहे. लॉग क्ष असं लिहिलं की विचारलेलं असतं: ई चा कितवा घात केला की क्ष मिळेल? लॉग १ म्हणजे ०, कारण शून्य सोडून कुठल्याही संख्येचा शून्यावा घात १. लॉग ई म्हणजे १. लॉग २ म्हणजे ०.६९३, लॉग (१/२) म्हणजे −०.६९३. आणि लॉग (−२)? ई चा कुठलाही घात घ्या, धन घ्या, ऋण घ्या, अपूर्णांक घ्या, उत्तर कधीच ऋण येत नाही, शून्यही येत नाही. म्हणून शाळेच्या गणितात लॉगच्या कंसात फक्त धन संख्या चालते. हे वाक्य लक्षात असू द्या, पुढे सगळं त्यावर उभं आहे.

लॉग आणि अपूर्णांक यांचं नातं नावातच आहे. स्कॉटलंडच्या जॉन नेपियरने १६१४ साली आपली लॉगॅरिदमची कोष्टकं छापली आणि हा शब्दही त्यानेच घडवला, दोन ग्रीक शब्द जोडून: लोगोस म्हणजे इथे गुणोत्तर, आणि अरिथमोस म्हणजे संख्या. गुणोत्तर सांगणारी संख्या. आणि गुणोत्तर म्हणजे अपूर्णांकच की! आपल्याकडे नवव्या शतकाच्या सुरुवातीला वीरसेनाचार्य या जैन पंडितांनी धवला या टीकाग्रंथात अर्धच्छेद ही कल्पना वापरली आहे. एखादी संख्या किती वेळा अर्धी करता येते, तितके तिचे अर्धच्छेद. ३२ चे अर्धच्छेद ५: १६, ८, ४, २, १. आजच्या भाषेत हा पाया २ चा लॉग. एका संख्येला दुसरीने भागलं तर अर्धच्छेदांची वजाबाकी करायची, हा नियमही तिथे आहे. प्रा. हिरालाल जैन यांनी संपादित केलेले धवलेचे खंड १९३९ पासून अमरावतीहून छापले गेले. वर्गात हे सांगितलं की मुलांचे चेहरे बदलतात. ज्या नियमाची धास्ती वाटते तो इतक्या जवळून छापून निघालाय हे त्यांना माहीतच नसतं.

रेघ कंसाच्या आत असेल तर

हा सगळ्यात सोपा प्रकार. उदाहरण घेऊ:

लॉग((क्ष + ३)/(क्ष − १)) = २

इथे बरेच जण लगेच लॉग फोडतात. फोडायची काही गरज नाही. डाव्या बाजूला एकच लॉग आहे, उजवीकडे साधी संख्या आहे. लॉगचा अर्थ आठवा: ई चा दुसरा घात म्हणजे कंसातली वस्तू.

(क्ष + ३)/(क्ष − १) = ई^२

लॉग गेला. आता उरलं ते आठवी-नववीचं समीकरण. छेदाने गुणा: क्ष + ३ = ई^२ × क्ष − ई^२. क्ष असलेली पदं एकीकडे, बाकीची दुसरीकडे: क्ष × (ई^२ − १) = ई^२ + ३. म्हणजे

क्ष = (ई^२ + ३)/(ई^२ − १)

ई^२ साधारण ७.३८९, म्हणून क्ष = १०.३८९/६.३८९ = १.६२६. ताळा करू: क्ष + ३ = ४.६२६, क्ष − १ = ०.६२६, भागाकार ७.३९. जमलं.

एक सांगते. ई^२ दिसला की मुलं घाबरून लगेच ७.३८९ लिहितात आणि पुढचं सगळं दशांशात करतात. तसं करू नका. ई^२ ही एक संख्याच आहे, ५ किंवा ११ सारखी. शेवटपर्यंत ती तशीच ठेवा, दशांश फक्त शेवटच्या ओळीत. चुका निम्म्याने कमी होतात.

आता त्याच अपूर्णांकात उजवीकडे २ च्या जागी −१ ठेवू:

लॉग((क्ष + ३)/(क्ष − १)) = −१

कंसातली वस्तू आता ई^(−१), म्हणजे १/ई, म्हणजे ०.३६७९. क्ष + ३ = ०.३६७९ × क्ष − ०.३६७९. म्हणून ०.६३२१ × क्ष = −३.३६७९, आणि क्ष = −५.३२८. ऋण उत्तर पाहून पुष्कळ जण ते खोडतात: लॉगमध्ये ऋण चालत नाही म्हणून. थांबा. लॉगच्या कंसात क्ष बसलेला नाही, अपूर्णांक बसलाय. क्ष + ३ = −२.३२८, क्ष − १ = −६.३२८. ऋण भागिले ऋण म्हणजे धन, ०.३६७९. उत्तर बरोबर आहे, ठेवायचं.

पण हाच प्रश्न परीक्षेत असा आला तर?

लॉग(क्ष + ३) − लॉग(क्ष − १) = −१

दोन्ही लॉग एकत्र केले की तेच समीकरण मिळतं आणि तेच −५.३२८ येतं. आता मात्र ते टाकून द्यावं लागतं, कारण इथे क्ष + ३ स्वतः एका लॉगच्या कंसात आहे आणि तो −२.३२८ आहे. या समीकरणाला उकलच नाही. वजाबाकीचा नियम लावताना दोन्ही कंस वेगवेगळे धन असावे लागतात, ही अट पुस्तकात बारीक अक्षरात असते आणि फळ्यावर बहुतेक वेळा राहून जाते. माझ्या मते ती नियमाइतक्याच मोठ्या अक्षरात लिहायला हवी.

याच कारणासाठी मी ताळ्याचा आग्रह धरते. आणि ताळा करायचा तो मूळ समीकरणात, मधल्या कुठल्या ओळीत नाही. हे पाहा:

लॉग क्ष = लॉग(६/(क्ष − १))

दोन्हीकडे एकेक लॉग, म्हणून कंस सारखे: क्ष = ६/(क्ष − १). छेदाने गुणलं की क्ष^२ − क्ष − ६ = ०, म्हणजे (क्ष − ३)(क्ष + २) = ०. क्ष = ३ किंवा क्ष = −२. आता −२ घालून बघा: डावीकडे लॉग(−२), उजवीकडे ६/(−३) म्हणजे पुन्हा लॉग(−२). दोन्ही बाजू दिसायला अगदी सारख्या! मुलं इथे फसतात, ताळा जमला असं त्यांना वाटतं. पण लॉग(−२) नावाची संख्याच आपल्याकडे नाही. नसलेली गोष्ट नसलेल्या गोष्टीइतकी आहे असं म्हणता येत नाही. उत्तर फक्त ३.

आणि एक इशारा, कारण हीच चूक सगळ्यात जास्त गुण खाते. लॉग(क्ष + ३) हा लॉग क्ष + लॉग ३ नसतो. लॉग क्ष + लॉग ३ म्हणजे लॉग(३ × क्ष). लॉग गुणाकार-भागाकार फोडतो. कंसातली बेरीज-वजाबाकी त्याला फोडता येत नाही, ती तशीच ठेवावी लागते. शंका आली तर साधे आकडे घाला: लॉग(१ + १) म्हणजे लॉग २, ०.६९३. लॉग १ + लॉग १ म्हणजे ०. झाली शंका दूर.

रेघ लॉगच्या पुढे असेल तर

(१/२) × लॉग(क्ष + ६) = लॉग क्ष

अपूर्णांक इथे सहगुणक आहे. नियम सांगतो की लॉगपुढची संख्या आत घात होऊन जाते, म्हणजे १/२ आत गेला की वर्गमूळ होईल: लॉग√(क्ष + ६) = लॉग क्ष. चूक नाही, पण वर्गमूळ ओढवून घेण्यात काय फायदा? त्यापेक्षा आपण साध्या समीकरणात करतो तेच करा: आधी छेद घालवा. दोन्ही बाजूंना २ ने गुणा.

लॉग(क्ष + ६) = २ × लॉग क्ष = लॉग(क्ष^२)

क्ष^२ = क्ष + ६, पुन्हा ३ आणि −२, आणि उजवीकडे लॉग क्ष असल्याने −२ बाद. इथे −२ का घुसला तेही बघण्यासारखं आहे. लॉग(क्ष^२) ला ऋण क्ष चालतो, कारण वर्ग धन होतो; २ × लॉग क्ष ला चालत नाही. ती पायरी ओलांडताना आपण एक दार उघडलं आणि त्यातून −२ आत आला.

छेद वेगवेगळे असले तर लसावि:

(लॉग क्ष)/२ + (लॉग क्ष)/३ = ५

६ ने गुणा. ३ × लॉग क्ष + २ × लॉग क्ष = ३०, म्हणून लॉग क्ष = ६, क्ष = ई^६, साधारण ४०३.४. इथे लॉग क्ष हे एक पोतं समजा. अर्धं पोतं आणि एक तृतीयांश पोतं मिळून ५, तर पोतं किती? पोत्यात काय आहे ते उघडून बघायची वेळ अगदी शेवटी येते.

रेघेच्या खाली लॉग असेल तर

लॉग क्ष + ६/(लॉग क्ष) = ५

हे पाहून वर्गात शांतता पसरते. पण पोत्याची कल्पना इथेच खरी कामी येते. लॉग क्ष च्या जागी य लिहा: य + ६/य = ५. य ने गुणा: य^२ − ५य + ६ = ०. य = २ किंवा ३. म्हणजे लॉग क्ष = २ किंवा ३, आणि क्ष = ई^२ किंवा ई^३, अंदाजे ७.३८९ किंवा २०.०८६. दोन्ही चालतात. छेदात लॉग असताना एकच जास्तीची काळजी: क्ष = १ चालत नाही, कारण लॉग १ शून्य आणि शून्याने भागता येत नाही.

तसंच (१ + लॉग क्ष)/(१ − लॉग क्ष) = ३. य ठेवलं की १ + य = ३ − ३य, य = १/२, क्ष = ई चं वर्गमूळ, १.६४९. दोन ओळींत संपलं. वर आणि खाली दोन्हीकडे लॉग आहे म्हणून काही जण तो कापून टाकतात. वरखाली कापता येतो तो गुणाकारातला अवयव, बेरजेतलं पद नाही, आणि लॉग हे अक्षर तर कधीच नाही. (लॉग ८)/(लॉग २) मधून लॉग कापून ८/२ = ४ करणारी मुलंही मला भेटली आहेत.

कधी कधी कुठलीच पायरी चालत नाही. लॉग क्ष = ३/क्ष घ्या. छेद घालवला की क्ष × लॉग क्ष = ३. क्ष एकदा लॉगच्या आत, एकदा बाहेर. आता वाट्टेल तेवढं फोडा, जोडा, क्ष एकटा सुटत नाही. यात तुमची चूक नाही, नेहमीच्या बीजगणिताची हद्दच इथे संपते. उच्च गणितात यासाठी लँबर्ट डब्ल्यू नावाचं वेगळं फल (फंक्शन) आहे. आपण कॅल्क्युलेटरवर अंदाजाने जाऊ: क्ष = २.८ घेतला तर गुणाकार २.८८३, कमी पडला. २.९ घेतला तर ३.०८८, जास्त झाला. २.८५ ला २.९८५. २.८५७ ला २.९९९. उत्तर साधारण २.८५७. परीक्षेत असा प्रश्न सहसा येत नाही, पण आपण अडकलोय की प्रश्नच तसा आहे, हे ओळखता आलं पाहिजे.

हे कशासाठी शिकायचं

मुलं विचारतात, आणि त्यांना विचारायचा हक्क आहे.

पुणे जिल्ह्यात शिरूर तालुक्यात घोड नदीच्या काठी इनामगाव आहे. डेक्कन कॉलेजच्या पुरातत्त्वज्ञांनी १९६८ पासून बरीच वर्षं तिथे उत्खनन केलं आणि ताम्रपाषाण युगातल्या शेतकऱ्यांची वस्ती उजेडात आणली, इसवी सनापूर्वी साधारण १६०० ते ७०० या काळातली. इतक्या जुन्या गावाचं वय ठरवायला जळक्या लाकडातला किंवा धान्यातला कार्बन-१४, म्हणजे कार्बनचा किरणोत्सारी प्रकार, उपयोगी पडतो. विलार्ड लिबीने १९४० च्या दशकाच्या अखेरीस ही पद्धत बसवली आणि १९६० साली त्याला रसायनशास्त्राचं नोबेल मिळालं. जिवंत झाडात कार्बन-१४ चं प्रमाण हवेतल्याशी जुळतं राहतं. झाड मेलं की नवा येणं थांबतं आणि होता तो घटत जातो. दर ५७३० वर्षांनी निम्मा. वर्षांचं सूत्र असं:

वर्षं = ५७३० × लॉग(सुरुवातीचा/उरलेला)/लॉग २

एकाच सूत्रात दोन्ही रेघा आहेत बघा. एक लॉगच्या आत, सुरुवातीचा भागिले उरलेला. दुसरी बाहेर, लॉग भागिले लॉग. आतली रेघ गुणोत्तर सांगते, बाहेरची सांगते की त्या गुणोत्तरात किती वेळा निम्मं झालं. वीरसेनाचार्यांचे अर्धच्छेदच हे, फक्त आता ते अपूर्णांकातही येऊ शकतात.

समजा उदाहरणादाखल एका कोळशात सुरुवातीच्या २/३ कार्बन-१४ उरलाय. सुरुवातीचा/उरलेला = ३/२. लॉग १.५ = ०.४०५५, लॉग २ = ०.६९३१, भागाकार ०.५८५. गुणिले ५७३०, म्हणजे सुमारे ३३५० वर्षं. इनामगावच्या काळात बसणारा आकडा. प्रयोगशाळा एवढ्यावर थांबत नाहीत. हवेतलं कार्बन-१४ चं प्रमाण हजारो वर्षांत थोडं वरखाली होत आलंय, म्हणून झाडांच्या खोडातल्या वर्षवलयांशी हा आकडा पडताळून दुरुस्त केला जातो. पण पहिली पायरी हीच, लॉगची.

त्या वहीवाल्या मुलीला मी हे सगळं सांगितलं नाही. तिला मी प्रयोगशाळेतून थर्मामीटर आणायला लावला आणि स्टाफरूममधला एक कप चहा टेबलावर ठेवला. खोलीचं तापमान ३० अंश. चहा सुरुवातीला ९०. पाच मिनिटांनी ७०. (हिशेब सोपा व्हावा म्हणून आकडे जवळच्या दहावर आणले आहेत.) विचारलं, ५० अंश कधी होईल?

निवण्याचा नियम न्यूटनने १७०१ साली मांडला: वस्तू आणि भोवतालची हवा यांच्या तापमानात जितका फरक जास्त, तितकी ती भरभर निवते. त्यातून निघतं ते असं की घटतो तो फरक, आणि तो गुणोत्तराने घटतो. सुरुवातीचा फरक ६०. पाच मिनिटांनी ४०. म्हणजे ४०/६० = २/३ उरला. ५० अंशाला फरक २०, म्हणजे २०/६० = १/३ उरलेला असेल. निवण्याचा दर क मानला तर

लॉग(२/३) = −५ × क

लॉग(१/३) = −मिनिटं × क

उणे खुपत असेल तर अपूर्णांक उलटा करा, कारण लॉग(२/३) = −लॉग(३/२). मग लॉग(३/२) = ५ × क, आणि लॉग ३ = मिनिटं × क. दुसऱ्याला पहिल्याने भागलं की क निघून जातो:

मिनिटं = ५ × (लॉग ३)/(लॉग १.५)

ती इथवर स्वतः आली. मग पेन थांबला. मग हळूच लिहिलं: लॉग ३ − लॉग १.५ = लॉग २ = ०.६९३. गुणिले ५, साडेतीन मिनिटं. मी काही बोलले नाही, फक्त थर्मामीटरकडे बोट दाखवलं. पाच मिनिटांनी चहा ७० वर होता. तो साडेतीन मिनिटांनी ५० वर कसा असेल?

तिने ओळ खोडली, कॅल्क्युलेटर ओढला. १.०९८६ भागिले ०.४०५५, म्हणजे २.७०९५. गुणिले ५, साडेतेरा मिनिटं. आम्ही वाट पाहिली. चौदाव्या मिनिटालाही पारा अजून ५० च्या किंचित वर होता. तिने विचारलं की हे का, म्हणजे आता ती उत्तरावर नाही, चहावर शंका घेत होती. कप उघडा होता. चहा कढत असताना वाफ जास्त जाते आणि जास्त उष्णता नेते, ते न्यूटनच्या नियमात धरलेलं नाही. त्यामुळे पहिल्या पाच मिनिटांवरून काढलेला दर पुढच्या मिनिटांसाठी थोडा जास्तच ठरतो. तिने वहीत तेही लिहून घेतलं, आणि मग मागचं पान उलटून लॉग ८ भागिले लॉग २ पुन्हा सोडवलं.